वंश उरला, मग ‘वंशसंहार’ कसा?

वेंगुर्ल्याहून एका वाचकाने विचारलंय: बोस्नियातल्या स्रेब्रेनित्सा या गावात १९९५ साली झालेल्या कत्तलीवरून वाद चालला असताना समोरचा म्हणाला, ‘आठेक हजार माणसं मारली हे वाईटच. पण बोस्नियाक (बोस्नियातले मुसलमान) समाज आजही आहे ना? वंश उरला, मग वंशसंहार कसला? फार तर हत्याकांड म्हणा.’ यात शब्दाची चूक आहे का?

शब्दाची नाही, तो फोडून अर्थ लावण्याची आहे. ‘निसंतान’ ही शिवी ऐकत वाढलेल्या तळकोकणी कानाला वंशसंहार म्हणजे मागे दिवा लावायलाही कुणी उरलं नाही, असंच वाटणार. पण कायदेतज्ज्ञ राफाएल लेमकिन यांनी १९४४ साली मांडलेल्या ‘जेनोसाइड’ या संज्ञेसाठी आपण घेतलेला हा शब्द. तिचा कायदेशीर अर्थ संयुक्त राष्ट्रांच्या १९४८च्या करारात बांधलेला आहे: राष्ट्रीय, वांशिक, वर्णीय किंवा धार्मिक गट ‘पूर्णतः किंवा अंशतः’ नष्ट करण्याचा हेतू. तुमच्या मित्राने ‘अंशतः’ वगळलं. शिवाय ठार मारणं हे तिथे पाचांतलं एक कृत्य; गटात मुलं जन्मू न देणं, असलेली हिसकावून दुसऱ्यांना देणं, हेही त्यात येतं.

स्रेब्रेनित्सात जुलै १९९५मध्ये बोस्नियन सर्ब फौजेने बायका-मुलांना बसमध्ये कोंबून हाकललं आणि पुरुष, पोरगे वेगळे काढून गोळ्या घातल्या. पुढे प्रेतं यंत्रांनी उकरून दुसरीकडे पुरली, त्यामुळे एकाच माणसाची हाडं वेगवेगळ्या खड्ड्यांत सापडली. ‘बायकांना सोडलं ना!’ हा बचाव युगोस्लाव्हियातल्या युद्धगुन्ह्यांसाठी नेमलेल्या हेगच्या न्यायाधिकरणापुढे झाला, तो २००४च्या अपिलातही टिकला नाही. आंतरराष्ट्रीय न्यायालयाने २००७ साली हा वंशसंहारच ठरवला.

नाकारणाऱ्यांची खरी करामत मात्र क्रियापदात असते. ‘युद्धात माणसं मेली’ म्हटलं की मारणारा वाक्यातून पसार. मेली आणि मारली, कर्ता हवा की नको एवढाच फरक! १९१५च्या आर्मेनियन वंशसंहाराबद्दल तुर्कस्तान सरकारचं म्हणणं याच वळणाचं: युद्ध होतं, रोगराई होती, दोन्हीकडची माणसं गेली.

राहता राहिला ‘नरसंहार’. वर्तमानपत्रं तो सरसकट वापरतात, पण त्यातून कुणाला वेचून मारलं ते कळत नाही. जालियनवाला बागेला हत्याकांड म्हणतो ते ठीकच. ‘वंशविच्छेद’ही चालतो, फक्त तो ऐकून तुमचा मित्र पुन्हा तोच प्रश्न विचारेल.