कामावरचे कपडे, औषधांच्या दुकानाची खोली आणि निळे पीप

प्रश्न : माझे यजमान नंदेसरीच्या औद्योगिक वसाहतीत रंगांसाठी लागणारी रसायने बनवणाऱ्या कारखान्यात काम करतात. त्यांचे कामावरचे कपडे आम्ही घरच्या कपड्यांबरोबरच मशीनमध्ये धुतो. सध्या मुलगी बाळंतपणासाठी माहेरी आली असून नात तीन आठवड्यांची आहे. ते कपडे वेगळे धुवावेत का? अंगावर अ‍ॅसिड सांडले तर लगेच खाण्याचा सोडा लावावा, हेही खरे का? (एक वाचक भगिनी, मांजलपूर, वडोदरा)

उत्तर : कपडे वेगळे धुवावेत, हे तर नक्कीच, परंतु खरे पाहता ते आपल्या घरी यायलाच नकोत. रंगांच्या कारखान्यांत अ‍ॅनिलिन आणि त्याच्या जातीची अनेक रसायने वापरली जातात. ती पोटात किंवा श्वासात गेली तरच बाधतात असे नाही. न कापलेल्या, न खरचटलेल्या त्वचेतूनही ती सहज रक्तात उतरतात आणि रक्तातील हिमोग्लोबिनचे असे रूपांतर करतात की त्याला प्राणवायू वाहून नेता येत नाही. ओठ आणि नखे निळसर पडतात, डोके दुखते, दम लागतो. 1886 साली लंडनमध्ये काही नवजात बाळे अशीच निळी पडली होती. शोध घेतल्यावर कारण सापडले ते त्यांच्या लंगोटांवर खूण म्हणून उमटवलेल्या अ‍ॅनिलिनच्या शाईत. बाळाची त्वचा नाजूक असते, आणि तान्ह्या बाळाचे रक्त या रसायनांना मोठ्या माणसाच्या रक्तापेक्षा लवकर बळी पडते, म्हणून आपली शंका अगदी योग्य आहे.

कपड्यांवरून घरात येणाऱ्या दूषणाचा दुसरा मोठा पुरावा 1965 साली लंडनमध्येच न्यूहाउस आणि थॉम्पसन या संशोधकांनी मांडला. अ‍ॅस्बेस्टॉसच्या कारखान्यात कधीही पाऊल न टाकलेल्या, परंतु तेथे काम करणाऱ्या घरच्या माणसाचे कपडे झटकून धुणाऱ्या बायकांनाही फुप्फुसाच्या आवरणाचा कर्करोग झालेला त्यांना आढळला. मी स्वतः तेहतीस वर्षे रासायनिक कारखान्यांच्या सुरक्षा विभागात काढली आहेत. पाळी सुटल्यावर त्याच कपड्यांत स्कूटरवर बसणारी माणसे मी रोज पाहत होतो, आणि त्यांच्या घरी ते कपडे कोण धुते हे विचारायला मला फार वर्षे लागली, याचे दुःख आजही वाटते.

दूषित माणसाच्या बाबतीत पहिले काम पाण्याचे नसून कपडे उतरवण्याचे असते, कारण अंगावर आलेल्या द्रव्याचा मोठा भाग कपड्यांतच असतो. 20 मार्च 1995 रोजी टोकियोच्या भुयारी रेल्वेत सारिन हा विषारी वायू सोडला गेला, तेव्हा रुग्ण अंगावरच्या कपड्यांनिशी रुग्णालयात पोहोचले आणि त्या कपड्यांतून निघणाऱ्या वाफेने त्यांच्यावर उपचार करणारे डॉक्टर आणि परिचारिकाही बाधित झाल्या. म्हणून कारखान्यात अंगावर द्रव सांडला तर कपडे जागेवरच काढावेत, बनियन किंवा टी-शर्ट डोक्यावरून ओढून न काढता कात्रीने कापावा, आणि तसे भिजलेले कपडे घरी मुळीच आणू नयेत. चामड्याचा पट्टा, चामड्याचे बूट आणि घड्याळाचा पट्टा यांत मुरलेले रसायन धुऊन निघत नाही. त्या वस्तूंचा मोह सोडावा लागतो.

मग साबण आणि भरपूर पाणी. पाणी कोमट किंवा गार असावे, कडकडीत कधीही नको, कारण उष्णतेने त्वचेतील रक्तप्रवाह वाढतो आणि अ‍ॅनिलिनसारखी द्रव्ये अधिक वेगाने आत शिरतात. दगडाने किंवा काथ्याने घासू नये. खरचटलेली त्वचा म्हणजे उघडे दार. केस, कानांमागचा भाग, काखा, बेंबी आणि नखांच्या कडा या जागा हमखास राहून जातात. इतके करूनही ओठ निळसर दिसले, तर बोटाला लावायच्या ऑक्सिमीटरवर विसंबू नये, कारण या विषबाधेत त्याचा आकडा फसवा असतो. रुग्णालय गाठावे आणि रसायनाचे नाव कागदावर लिहून न्यावे.

सोड्याचे म्हणणे चुकीचे आहे. अ‍ॅसिड आणि सोडा यांच्या प्रक्रियेत उष्णता निर्माण होऊ शकते आणि भाजल्या जागी ती नको असते. शिवाय सोड्याचा डबा शोधण्यात जाणारी मिनिटे कधीच भरून येत नाहीत. अंगावर किंवा डोळ्यांत काही उडाले तर वाहत्या पाण्याखाली निदान 15 मिनिटे धरावे. कॉस्टिकसारखा क्षार असेल तर त्याहून कितीतरी जास्त वेळ धुवावे, कारण क्षार त्वचेतील स्निग्धांशाचा साबण करत खोल जातो. कोरडी चुन्याची पूड मात्र आधी झटकून मगच पाणी घालावे.

यजमानांना आपण एक गोष्ट अवश्य सांगा. कारखान्यात हातपाय धुण्याची सोय आणि कामाव्यतिरिक्तचे कपडे ठेवण्याची जागा असावी, ही अपेक्षा आपल्याकडे 2025 पर्यंत लागू असलेल्या 1948 च्या कारखाने कायद्याच्या 42 आणि 43 या कलमांनी घातलेली होती. तिथे अंघोळ करून, कपडे आणि पादत्राणे बदलून घरी येणे ही मेहेरबानी नव्हे. ते होईपर्यंत कपडे दाराबाहेर वेगळ्या पिशवीत ठेवावेत, न झटकता हातमोजे घालून वेगळे धुवावेत आणि नंतर मशीन एकदा रिकामीच चालवावी.

प्रश्न : दांडिया बाजारातील आमच्या जुन्या वाड्याच्या तळमजल्यावर 1968 पासून शेतीच्या औषधांचे दुकान होते. आता जागा रिकामी झाली आहे. रंगाचे दोन हात दिले, धूप घातला, तरी पावसाळ्यात वास येतो. तेथे लहान मुलांचा संस्कार वर्ग सुरू करण्याचा विचार आहे. (एक ज्येष्ठ वाचक, वडोदरा)

उत्तर : कृपया मुलांना अजून त्या खोलीत बसवू नका. मुले जमिनीवर बसतात आणि तोच हात तोंडात घालतात. रंगाने विष निघत नाही, फक्त झाकले जाते. दमट हवेत भिंत ओलावली की ते पुन्हा जाणवू लागते.

प्रथम जुन्या दुकानदाराकडून मालाची यादी मिळवा, कारण सगळ्या औषधांना एकच उपाय चालत नाही. त्यानंतर खोलीत पाणी न नेता फटी, फडताळे आणि फरशीच्या कडा नीट तपासून घ्या. धान्याला लावायची अ‍ॅल्युमिनियम फॉस्फाइडची गोळी किंवा पूड कोठे राहिलेली असेल आणि तिला पाणी लागले, तर फॉस्फीन हा प्राणघातक वायू सुटतो. तशी शंका आली तरी खोली बंद करून जाणकाराला बोलवा. कोरडा झाडू मारू नका. सगळी धूळ हवेत उडते.

क्लोरपायरिफॉससारखी ऑर्गॅनोफॉस्फेट गटातील औषधे क्षारयुक्त पाण्यात हळूहळू विघटित होतात, त्यामुळे धुण्याच्या सोड्याचे द्रावण लावून, काही तास ठेवून, पुसून घेण्याचा उपयोग होतो. परंतु वाळवीसाठी एके काळी सर्रास विकले जाणारे आल्ड्रिन आणि त्यापासून बनणारे डिल्ड्रिन यांना सोडा काही करत नाही. ती वर्षानुवर्षे गिलाव्यात आणि लाकडात टिकतात. तेथे गिलावा विटेपर्यंत खरवडणे आणि मुरलेल्या फळ्या काढणे हाच मार्ग आहे. जुना वाडा मोडू नये असे मलाही मनापासून वाटते, पण फडताळे म्हणजे वाडा नव्हे. निघालेला गिलावा आणि धुण्याचे पाणी गटारात सोडू नका, ते विश्वामित्री नदीत जाईल. घातक कचरा हाताळण्याचा परवाना असलेल्या संस्थेकडे द्या. शेवटी भिंती आणि जमीन पुसून घेतलेले नमुने प्रयोगशाळेत तपासावेत आणि त्या अहवालावरच निर्णय घ्यावा. वास गेला हा निकष नव्हे, कारण अनेक औषधांचा वास मुळात त्यांतील द्रावकाचा, म्हणजे औषध ज्या द्रवात विरघळवलेले असते त्याचा, असतो आणि तो औषधाच्या आधीच उडून जातो.

प्रश्न : भंगारातून घेतलेले निळे प्लास्टिकचे पीप पाच वेळा धुतले आहे. त्यात पिण्याचे पाणी साठवावे का? (एक वाचक, मकरपुरा)

उत्तर : नाही, आणि वापराचे पाणीही साठवू नये. लोखंडी किंवा काचेच्या भांड्यावर रसायन पृष्ठभागावर राहते. या प्लास्टिकच्या भिंतीत मात्र द्रावके आणि कीटकनाशके मुरतात आणि नंतर महिनोन्‌महिने पाण्यात थोडी थोडी उतरतात. पाच काय, पन्नास धुण्यांनीही ती खात्रीने निघत नाहीत. रसायन लागलेली रिकामी पिपे 2016 च्या घातक कचरा नियमांत घातक कचराच मानली आहेत. लोखंडी पीप असेल तर त्याला गॅस कटर कधीही लावू नका. तळाशी उरलेल्या थेंबभर द्रावकाची वाफसुद्धा स्फोटाला पुरते. आपले पीप पुन्हा भंगारात देऊ नका, ते दुसऱ्या कोणाच्या तरी घरी पाण्यासाठीच जाईल. झाकण घट्ट लावा, त्यावर मराठीत आणि गुजरातीत ‘विष, पाण्यासाठी नाही’ असे ऑइल पेंटने मोठ्या अक्षरांत लिहा आणि परवानाधारक संकलकाकडे सोपवा.