शेत विकायच्या आधी संहिता मागा

केज तालुक्यातल्या एका शेतकरी वडिलांचं पत्र आलं आहे. मुलगा बी.ए. झालेला, ४ वर्षांपासून मुंबईत मालिकांवर सहायक दिग्दर्शक. आता त्याला स्वतःचा चित्रपट काढायचाय आणि त्यासाठी दोन एकर विका म्हणतोय. "पोरगं हुकलंय का आम्हीच मागं राहिलो, काही उमगंना," असं ते लिहितात.

दादा, पोरगं हुकलेलं नाही. १२ तासांची शिफ्ट आणि कामाचे पैसे ९० दिवसांनी, अशा ठिकाणी ४ वर्षं टिकणं सोपं नसतं. माझ्याकडं शिकून मुंबईला गेलेली दोन मुलं सहा महिन्यांत परत आली.

तो तिथं नेमकं करतो काय, असं तुम्ही विचारलंय. माझ्या एका विद्यार्थ्यानं मला त्याची कंटिन्युइटीची वही दाखवली होती. एका पानावर होतं: कप डाव्या हातात, पदर उजव्या खांद्यावर, भिंतीवरचं घड्याळ चार दहा. अर्धा सीन आज होतो, उरलेला आठ दिवसांनी. जोडल्यावर कपाचा हात बदललेला दिसला, की बोलणी सहायकाला बसतात. पुढं अनुभव वाढला की शेड्युल लावायचं, कलाकारांच्या वेळा जुळवायच्या, उजेड जायच्या आत बाहेरचे सीन उरकायचे.

पण या कामात कितीही वर चढलं, तरी दिग्दर्शकाची खुर्ची आपोआप मिळत नाही, हे मुलांना फार उशिरा कळतं. चांगल्या सहायकाला मोठ्या सेटवरही सहायक म्हणूनच बोलावतात, कारण त्याच्याशिवाय अडतं. राजदत्तांनी दिग्दर्शक राजा परांजपे यांच्या हाताखाली वर्षानुवर्षं काम केलं. दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट 'मधुचंद्र' १९६७ साली आला, तेव्हा ते पस्तिशीचे होते. २०२४ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळालं. सगळ्यांनी हाच रस्ता धरला असंही नाही. दिग्दर्शक चंद्रकांत कुलकर्णी औरंगाबादेत नाटकं करत करत मुंबईला गेले आणि मग चित्रपटाकडं वळले.

तुमच्या पत्रात कॅमेऱ्याचं भाडं आहे, जमिनीचा भाव आहे. गोष्टीबद्दल मात्र एक ओळ नाही. मला काळजी वाटते ती याचीच. दोन एकराचे पैसे शूटिंगमध्येच संपतील, आणि एडिटिंग, साउंड, जाहिरात, थिएटर मिळवणं हे सगळं त्याच्या पुढं. अर्धवट राहिलेला चित्रपट कुणी विकत घेत नाही. जमीन विकू नका, हे मी अगदी ठामपणे सांगतो.

त्यानं आधी १५ मिनिटांचा लघुपट करावा, तुमच्याच गावात, ओळखीची माणसं घेऊन. सेटवरचे मित्र एकमेकांच्या अशा कामाला येतात. निर्मात्याला दाखवायला हातात काहीतरी लागतं. रीतसर शिकायचं असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट संस्थेत दिग्दर्शन आणि पटकथालेखनाचा ३ वर्षांचा अभ्यासक्रम आहे. कुठल्याही शाखेची पदवी चालते, प्रवेश परीक्षा मात्र अवघड असते.

दिवाळीला तो घरी आला की तुम्ही दोघं त्याच्यासमोर बसा आणि संहिता वाचून दाखव म्हणा. नुसती तोंडी गोष्ट नको, लिहिलेले कागद पाहिजेत. नसतील, तर शेताचा विषय तिथंच थांबवा. असतील, तर एक प्रत मला पाठवा, मी सगळी वाचेन.