आठवणीला पुरावा कुठून आणायचा?

प्रश्न : यान न्येमेत्स या चेक दिग्दर्शकाचा २००१ सालचा, दिवंगत आईशी रात्री केलेल्या संवादाचा चित्रपट नुकताच पाहिला. त्यात आईच्या वाट्याचे बोलणे एका अभिनेत्रीने केले आहे आणि दिग्दर्शक सांगतो त्यातल्या बऱ्याच गोष्टींना त्याच्या शब्दाखेरीज आधार नाही. अशा चित्रपटाला माहितीपट कसे म्हणायचे?

उत्तर : तुमची शंका रास्त आहे, आणि तिचे उत्तर न्येमेत्स यांच्याच आधीच्या कामात सापडते. ऑगस्ट १९६८ मध्ये वॉर्सा करारातील देशांचे, म्हणजे सोव्हिएत संघाच्या नेतृत्वाखालील लष्करी गटाचे, रणगाडे चेकोस्लोव्हाकियाची राजधानी प्रागमध्ये शिरले, तेव्हा त्या शहरातल्या मोकळ्या झालेल्या वातावरणावर ते माहितीपट करत होते. विषय बाजूला ठेवून त्यांनी कॅमेरा रस्त्यावर वळवला आणि ते चित्रण व्हिएन्नाला पोहोचून जगभर दाखवले गेले. तिथे प्रतिमा हाच पुरावा होता. पुढे १९७४ मध्ये त्यांना देश सोडावा लागला आणि १९८९ मध्ये तिथली कम्युनिस्ट राजवट कोसळल्यानंतरच ते परतू शकले. या काळात आईचे आणि त्यांचे जे काही बोलायचे राहून गेले, त्याचे चित्रण कोणाकडे असणार?

म्हणून त्यांनी पुराव्याचा आव आणलाच नाही. प्रागचाच लेखक फ्रान्झ काफ्का याने १९१९ मध्ये वडिलांना लिहिलेले आणि वडिलांच्या हाती कधीच न पडलेले दीर्घ पत्र हा या चित्रपटाचा मूळ आधार आहे. फरक एवढाच, की काफ्काने वडिलांवर आरोप ठेवले, तर इथे मुलगा स्वतःचीच उलटतपासणी करून घेतो. अत्यंत रुंद कोनाच्या भिंगामुळे प्रागचे रस्ते आणि घरे कडांकडे वाकतात, आणि लहानशा डिजिटल कॅमेऱ्यामुळे दिग्दर्शकाला मोठ्या चमूची गरज उरत नाही. वाकलेली ती चौकट प्रेक्षकाला सतत बजावत राहते की हे शहर एका माणसाच्या नजरेतले आहे. माझ्या मते या चित्रपटाचा प्रामाणिकपणा इथेच आहे. तटस्थ दिसणाऱ्या चौकटीत याच आठवणी मांडल्या असत्या, तर फसवणूक झाली असती.

अभिनेत्रीच्या आवाजाबद्दलही हेच म्हणता येईल. आईचे खरे शब्द उपलब्ध नाहीत, हे प्रेक्षकाला उघड दिसते. त्यामुळे तिच्या तोंडची प्रत्येक बोचरी ओळ मुलाने स्वतःविरुद्ध लिहिलेली आहे, हेही कळते. लग्ने, कीर्ती, देश सोडणे यांविषयी स्वतःच्या नावानिशी आणि खऱ्या माणसांच्या संदर्भात बोलण्याची जोखीम कल्पित कथेत घ्यावी लागत नाही. याच आयुष्यावरचा त्यांचा शेवटचा चित्रपट २०१६ मध्ये, त्यांच्या निधनानंतर, प्रदर्शित झाला. त्यात नायकाला वेगळे नाव आहे आणि ती भूमिका एका तरुण नटाने केली आहे, म्हणून त्याला मी माहितीपट म्हणणार नाही.

शक्य झाल्यास १९६८ चे ते चित्रण आधी पाहावे आणि मग आईशी केलेला हा संवाद पुन्हा ऐकावा.