हेडलाइटचा झोत जुळवताना आधी भिंत, मग स्क्रू

झोत वर-खाली करणाऱ्या स्क्रूला हात लावण्याआधी गाडी नीट उभी करा. बहुतेकांची चूक इथेच होते. जमीन सपाट हवी, चारही टायरमध्ये योग्य हवा, डिकी रिकामी, आणि चालकाच्या सीटवर कुणीतरी बसलेलं. डॅशबोर्डवर लाइटची उंची बदलणारं चाक असेल तर ते शून्यावर ठेवा. ते विसरलात तर सगळी मेहनत वाया.

भिंतीपासून १० मीटर अंतर ठेवा. दिव्याच्या मध्याची जमिनीपासूनची उंची मोजून भिंतीवर तेवढ्याच उंचीला टेप लावा. आता लो बीम, म्हणजे जवळचा उजेड, लावा. उजेडाची वरची कड टेपच्या साधारण १० सेंटीमीटर खाली यायला हवी, म्हणजे १ टक्का उतार. काही गाड्यांच्या दिव्याजवळ वेगळा टक्का छापलेला असतो. तसं असेल तर तोच धरा. एका वेळी एकच दिवा बघा, दुसऱ्यासमोर पुठ्ठा धरा. काचेवर कापड टाकू नका, हॅलोजन बल्ब फार तापतो. स्क्रू पाव फेराच फिरवा आणि भिंतीकडे बघा.

उजेडाची वरची कड रस्त्याच्या कडेच्या बाजूला थोडी वर चढलेली दिसेल. ती मुद्दाम तशी असते, सरळ करत बसू नका.

आणि कृपा करून, लांबचं दिसावं म्हणून दिवे वर उचलू नका. समोरून येणाऱ्याला काही क्षण खरंच काहीच दिसत नाही.