'बाके' म्हणजे भूत नव्हे!

प्रश्न आलाय की 1898 च्या 'बाके जिझो' या जपानी मूकपटाचं नाव कुणीतरी 'भूत जिझो' असं केलंय, ते बरोबर का. अजिबात नाही, आणि हे 'ओबाके म्हणजे भूत' जिथे तिथे वाचून डोकं फिरायला लागलंय. बाकेरू हे क्रियापद, अर्थ रूप पालटणं. त्यातून बाकेमोनो, नाहीतर पुढे आदराचा 'ओ' लावून ओबाके. यात कुणी मेलेलं असायलाच हवं असं काही नाही, कोल्ह्याने बाईचं रूप घेतलं तरी ते बाकेरूच. जिझो तर मुलांचा आणि वाटसरूंचा रखवाला, दगडी मूर्ती. जपानातल्या निक्को गावी नदीकाठी जिझोंची रांगच आहे, त्यांना बाके जिझो म्हणतात कारण मोजत जावं तर जाताना एक आकडा आणि येताना दुसरा. म्हणून मराठीत 'मायावी जिझो' म्हणा, विषय संपला.

आता खरी गंमत बघा. आपलं भूत 'भू' धातूवरून, म्हणजे जे होऊन गेलं ते, भूतकाळातलं भूत तेच. जपानी बाके मात्र होऊन गेलेल्याकडे बघतच नाही, डोळ्यांदेखत पालटणाऱ्याकडे बघतो! माझं तर ठाम मत आहे की मूकपटाला नेमका हाच शब्द हवा होता. दिग्दर्शक शोझो माकिनोचा 1921 चा 'जिराइया' बघा, कॅमेरा थांबवायचा, नट ओनोए मात्सुनोसुकेला बाजूला करायचं, त्याच जागी भलामोठा बेडूक आणायचा आणि परत कॅमेरा चालू, ह्याला बाकेरू नाही तर काय म्हणायचं?

यावर लगेच कुणीतरी यानागिता कुनिओ काढतं. लोकसाहित्यातलं मोठं नाव, मान्य. ते म्हणतात ओबाके जागेला धरून असतो आणि तिन्हीसांजेला दिसतो, युरेई, म्हणजे मेलेल्या माणसाचं भूत, ठरलेल्या माणसाच्या मागे लागतं आणि रात्री दोनच्या सुमाराला येतं. कागदावर छान आहे, पण बोलणाऱ्या माणसांनी ही वाटणी कधी पाळली? जत्रेतल्या भुताच्या घराला जपानीत ओबाके याशिकी म्हणतात आणि आत युरेई खुशाल हिंडत असतात. आणि योत्सुया कैदानमधली ओइवा? 1825 चं काबुकी, म्हणजे पारंपरिक जपानी शैलीचं नाटक, मूकपटांच्या काळात त्यावर पुन्हापुन्हा सिनेमे निघाले. शेजाऱ्यांनी पाठवलेल्या विषाने चेहरा विद्रूप झालेली आणि मग गळ्यात तलवार लागून मेलेली बाई, म्हणजे पक्की युरेई, पण चित्रकार होकुसाईच्या चित्रात तिचा चेहरा फाटक्या कागदी कंदिलाचाच झालाय, आणि रंगमंचावर नट जळत्या कंदिलातून बाहेर सरकत येतो. मेलेली पण तीच आणि रूप पालटलेली पण तीच, तिला यानागितांच्या कुठल्या खान्यात बसवणार?