विचेटीत चेटकीण नाही

प्रश्न असा आहे: एका माहितीपटाच्या मराठी निवेदनात ऑस्ट्रेलियाच्या आदिवासींच्या खाण्यातल्या 'विचेटी ग्रब'ला 'चेटकीण अळी' म्हटलं होतं. हे बरोबर आहे का? आणि अशा रानातल्या खाण्याला, म्हणजे 'बुश टकर'ला, आपला 'रानमेवा' हा शब्द चालेल का?

अहो, 'विच' दिसली की चेटकीण काढायची, याला भाषांतर म्हणत नाहीत, भूत काढणं म्हणतात. हा घोळ वर्षभरात मी तिसऱ्यांदा ऐकतोय. एका परिचितांनी तर 'विचेष्टा'वरून व्युत्पत्ती लावली. वळवळते म्हणून विचेष्टी! मी हात जोडले.

शब्द दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या फ्लिंडर्स डोंगररांगांमधल्या अद्न्यामथान्हा लोकांचा आहे. त्यांच्या भाषेत 'वित्यु' म्हणजे टोकाला आकडा असलेली काडी आणि 'वर्ती' म्हणजे अळी. वित्यु-वर्ती, आकडीची अळी. ('वर्ती' ऐकून कुणी संस्कृतातली वात लावायला निघालं असेल, तर कृपा करून बसावं. तो निव्वळ योगायोग आहे.) पण 'त्य'चा 'च' कसा झाला, हे मराठी माणसाला कुणी सांगायला नको. 'नृत्य'चा 'नच्च' आणि 'नच्च'चा 'नाच' आपल्याच घरात झाला. तिथे गोऱ्यांच्या कानाने तेच केलं.

आता ही आकडी कशाला लागते ते बघा. मध्य ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या लाल मातीत बाभळीच्या जातीचं एक झुडूप उगवतं. एका मोठ्या पतंगाची अळी त्याच्या मुळात शिरून आतून मूळ खाते. बायका झुडपाखालच्या जमिनीत भेगा पडल्यात का ते पाहतात, पहारीने किंवा खणायच्या काठीने माती उकरतात आणि फुगलेलं मूळ सापडलं की ते मोडतात. आत बोटाएवढी जाड, पांढरी अळी असते. चिमटीत धरून ओढली तर फुटते, म्हणून बारीक आकडी आत सरकवून ती अलगद बाहेर घेतात. कच्ची खाल्ली तर बदामासारखी लागते. गरम राखेत लोळवली की कातडी कुरकुरीत होते आणि आतला गर अंड्यासारखा आळतो.

म्हणजे नाव पडलं ते ना रूपावरून, ना चवीवरून, तर हत्यारावरून. मला सगळ्यात गोड वाटते ती ही गोष्ट. आमचे मामा खाडीच्या चिखलात आडवे होऊन लोखंडी आकडीने बिळातली चिंबोरी ओढायचे, तेव्हा आधी खडखड ऐकू यायची आणि मग शिवी. कोकणात गळाला 'गरी' म्हणतात आणि गरीवरून 'गरवणं' झालं. हॉटेलात आपण 'एक हंडी' मागवतो तेव्हा मडकं थोडंच खातो? डहाणूकडची उकडहंडीही त्यातलीच. हातातली वस्तू पदार्थाला नाव देऊन जाते, ही खोड जगभर आहे.

काही निसर्ग-अभ्यासक छातीठोकपणे लिहितात की झुडपाचं नाव विचेटी, म्हणून अळी विचेटी. गाडी बैलांच्या पुढे! शब्दात 'अळी' आधीच बसलेली असताना तो मूळचा झुडपाचा असेल कसा? झुडपाला तो नंतर चिकटला. शिवाय मध्य ऑस्ट्रेलियातल्या ॲलिस स्प्रिंग्जच्या अरंद लोकांचा या अळीसाठीचा शब्द अगदी वेगळा आहे, आणि पश्चिमेकडचे पिट्जनजारा लोक तिला 'माकू' म्हणतात. मग दक्षिणेचा शब्द मध्यभागी पोचला कसा? माझा तर्क असा की तो तारेबरोबर गेला. दक्षिणेतल्या पोर्ट ऑगस्टापासून उत्तर किनाऱ्यावरच्या डार्विनपर्यंतची तारयंत्राची लाइन 1872 मध्ये पुरी झाली. त्या वाटेने जाणारे तारवाले आणि गुराखी फ्लिंडर्सच्या बाजूने उत्तरेला जात. त्यांनी शिदोरीत हा शब्दही नेला असणार.

जाता जाता, गोऱ्यांनी प्राण्याचं नाव विचारलं आणि आदिवासी 'मला माहीत नाही' म्हणाले, तेच 'कांगारू' झालं, ही थापही आता पुरे. 1770 मध्ये दर्यावर्दी कॅप्टन कुकच्या लोकांनी ऑस्ट्रेलियाच्या ईशान्य किनाऱ्यावर ऐकलेला 'गंगुरु' हा गुगु यिमिथिर भाषेतला एका जातीच्या मोठ्या कांगारूचाच शब्द आहे. 1970च्या दशकात जॉन हॅविलंड या भाषाशास्त्रज्ञाने तिथल्या लोकांकडूनच त्याची खातरजमा केली.

हं, रानमेवा राहिला. नाही चालणार. मेवा फारसीतून आला, त्याचा अर्थ फळं. आपला रानमेवा करवंदं, जांभळं, तोरणं यांच्यापलीकडे जात नाही. बुश टकरमध्ये क्वांडाँगसारखी फळं आहेतच, पण कांगारू, घोरपड, मधाच्या मुंग्या आणि बाभळीच्या बियांचं पीठही आहे. 'टकर' म्हणजे ऑस्ट्रेलियन बोलीत नुसतं खाणं. तेव्हा 'रानातलं खाणं' म्हणा. अळीला मात्र विचेटीच म्हणा, आणि मराठी हवंच असेल तर 'आकडीची अळी'.