मणक्याला मार लागल्यापासून भावाची लघवी सतत गळते. डायपरशिवाय काही उपाय आहे का? गोळ्या चालतील का?

घरचे म्हणतात, लघवी होतेय म्हणजे त्या बाजूने काळजी नाही, असं तुम्ही लिहिलंय. तेवढ्यासाठी लिहायला बसले. थेंब थेंब गळत असेल तर बऱ्याचदा मूत्राशय तुडुंब भरलेलं असतं आणि वरचं तेवढं सांडत असतं.

माझ्या नवऱ्याला अपघातात पाठीला मार बसला. मोठे दीर रोज विचारायचे, "डायपर ओला झाला ना? मग किडनी चालू आहे." मधूनमधून थंडी वाजून ताप यायचा, अँटिबायोटिकचा कोर्स व्हायचा, थोड्या दिवसांनी पुन्हा ताप. शेवटी मी हट्टाने लघवी झाल्यानंतरची सोनोग्राफी करून घेतली. आत ७०० मिली शिल्लक! धडधाकट माणसाला ४००-५०० मिलीला उठावंच लागतं. दोन्ही किडन्यांवर सूज आली होती.

युरोलॉजिस्टनी, म्हणजे मूत्रविकारांच्या डॉक्टरांनी, सीआयसी (ठराविक वेळाने स्वच्छ नळी घालणं) सांगितलं. दर चार ते सहा तासांनी पातळ नळी घालून मूत्राशय रिकामं करायचं आणि नळी काढून घ्यायची. त्यावरून घरात जे रण माजलं! दिरांचं म्हणणं, कायमची पिशवी लावून टाका, आणि नळी घालायचीच असेल तर हिने घालावी, बायको कशाला आहे? मी साफ नाही म्हटलं. ज्याचे दोन्ही हात शाबूत आहेत त्याने हे काम स्वतःच करावं, हे माझं तेव्हाही मत होतं आणि आजही आहे. नर्सनी त्याला शिकवलं: हात साबणाने धुवायचे, नळीला जेली लावायची, लिंग वर उचलून सरळ धरायचं, नळी आत अडली तर जोर न करता लांब श्वास सोडत थांबायचं. पहिल्यांदा जमलं तेव्हा तो मापाच्या भांड्यावरच्या रेघा कितीतरी वेळ वाचत होता. मग मला म्हणाला, उद्यापासून तू बाहेर थांब.

जंतू जातील, हेही ऐकून घ्याल. १९७२ साली अमेरिकेतल्या जॅक लॅपिडीस या युरोलॉजिस्टनी दाखवून दिलं की नळी निर्जंतुक नसली, नुसती स्वच्छ असली तरी भागतं. मूत्राशय ताणू न देणं जास्त महत्त्वाचं. आणि गळतं म्हणून पाणी तोडू नका. ताप वगैरे काही नसताना फक्त रिपोर्टात जंतू दिसले तर बहुतेक वेळा अँटिबायोटिक लागत नाही.

गोळ्यांचं म्हणाल तर ते मार कुठे बसलाय त्यावर आहे. वरच्या मणक्यांत असेल तर मूत्राशय आपोआप आवळतं, पण खालची झडपही त्याच वेळी आवळते आणि दाब किडनीपर्यंत जातो. तिथे मूत्राशय सैल ठेवणाऱ्या सॉलिफेनासिन, मिराबेग्रॉन या गोळ्या, नाहीतर मूत्राशयात बोटॉक्सची इंजेक्शनं. मार अगदी खाली असेल तर मूत्राशय सहसा ढिलं पडतं, त्याला या गोळ्या काय करणार? कुठला प्रकार आहे ते युरोडायनॅमिक तपासणीत (मूत्राशयातला दाब मोजतात ती) कळतं. आत लघवी साठतेय आणि नुसती गोळी चालू केली तर ती आणखी साठते.

हात चालत नसतील तर मात्र गोष्ट वेगळी, मग ओटीपोटातून बसवलेली कायमची नळीही चांगली. आणि मार छातीच्या सहाव्या मणक्यापाशी किंवा त्याच्या वर असेल तर एक नीट लक्षात ठेवा: अचानक डोकं ठणकलं, चेहरा लाल होऊन घाम फुटला, तर बीपी भयंकर चढलेलं असू शकतं. त्याला ताठ बसवा, कपडे सैल करा, नळी असेल तर पिळली आहे का बघा, नसेल तर लगेच मूत्राशय रिकामं करा. तरी उतरलं नाही तर थेट हॉस्पिटल.

ती सोनोग्राफी याच आठवड्यात करा. आणि नर्स शिकवायला येईल तेव्हा समोर भावाला बसवा, वहिनीला नको.